वैतरणेपलीकडून मुंबई संघात : शार्दूल ठाकूर यांच्या प्रांतिक कारकिर्दीचा एक अभ्यास

१. विषयाचे स्वरूप

खेळाडूच्या कारकिर्दीकडे पाहण्याची रूढ दृष्टी शिखरावरून पायथ्याकडे पाहणारी असते. तो देशाकडून कधी खेळला, परदेशात कोणता पराक्रम केला, हे प्रथम सांगितले जाते. ज्या प्रांतिक स्पर्धेत त्याची घडण झाली, तिला दोन-चार ओळींत स्थान मिळते. प्रादेशिक इतिहासाच्या अभ्यासकाला ही दृष्टी पुरेशी नाही. प्रांतिक संघ हा एका विशिष्ट भूप्रदेशाचा प्रतिनिधी असतो. त्या प्रदेशाच्या सीमा कोणी आखल्या, त्या सीमेच्या कडेला राहणाऱ्या मुलाला संघाचे दार कसे उघडले, हे प्रश्न केवळ खेळाचे नव्हेत. ते वसाहतीचे, दळणवळणाचे आणि संस्थांच्या रचनेचे प्रश्न होत.

मुंबईच्या क्रिकेट संघातील मध्यमगती गोलंदाज व अष्टपैलू खेळाडू शार्दूल ठाकूर यांची कारकीर्द या दृष्टीने अभ्यसनीय आहे. १६ ऑक्टोबर १९९१ रोजी पालघर येथे त्यांचा जन्म झाला. केळवे-माहीम परिसरातील माहीम हे त्यांचे गाव आणि कुटुंब शेतकरी. त्यांच्याविषयी वृत्तपत्रांत जे लिहिले गेले, त्यात पहाटेची गाडी आणि खांद्यावरची किटबॅग यांचे वर्णन हटकून येते. ते वर्णन खोटे नाही. पण चिकाटीची कथा म्हणून ते जितके सांगितले जाते, तितका त्यामागील प्रश्न विचारला जात नाही. जो मुलगा नियमाने मुंबई संघाच्याच क्षेत्रातला, त्याला आपल्याच संघापर्यंत पोहोचण्यासाठी सुमारे ९० किलोमीटरांचा प्रवास का करावा लागला? अधिकार आणि संधी या दोन गोष्टी एक नव्हेत, हे या कारकिर्दीवरून जितके स्पष्ट होते तितके क्वचितच होत असेल.

२. संघाच्या सीमा आणि राज्याच्या सीमा

रणजी करंडक स्पर्धेचा आरंभ १९३४-३५ च्या हंगामात झाला आणि पहिलेच अजिंक्यपद मुंबईने मिळविले. त्या वेळी मुंबई इलाख्याच्या एकाच शासकीय छत्राखाली मुंबई, महाराष्ट्र, गुजरात असे वेगवेगळे संघ होते. म्हणजे क्रिकेटचा नकाशा आरंभापासूनच शासनाच्या नकाशाशी जुळणारा नव्हता. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले, तरी ही विभागणी मोडली नाही. एकाच राज्यात मुंबई, महाराष्ट्र आणि विदर्भ असे तीन संघ राहिले. परिणामी पुण्याचा खेळाडू महाराष्ट्राचा, नागपूरचा विदर्भाचा आणि पालघरचा मात्र मुंबईचा, अशी स्थिती झाली.

पालघर हा तालुका ठाणे जिल्ह्यात होता. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर हा स्वतंत्र जिल्हा झाला. ठाकूर यांचे रणजी पदार्पण त्यापूर्वीचे असल्याने, ते मुंबईकडून प्रथम खेळले तेव्हा त्यांच्या नावाशी पुढे जोडला गेलेला जिल्हा अस्तित्वातच नव्हता. ठाणे जिल्ह्याचा हा किनारी भाग मुंबई क्रिकेट संघटनेच्या क्षेत्रात मोडत होता आणि जिल्हा वेगळा झाल्यावरही तो त्याच क्षेत्रात राहिला. अशा रीतीने एका महानगराच्या नावाचा संघ वस्तुतः शेतीवाडीच्या, मच्छीमारीच्या आणि आदिवासी वस्तीच्या विस्तृत टापूचाही संघ ठरतो. नकाशावर ही गोष्ट सरळ दिसते; मैदानावर ती तितकी सरळ नव्हती.

३. मैदानांचे उत्तरेकडे सरकणे

मुंबईच्या क्रिकेटचा जुना गाभा किल्ल्यालगतच्या एस्प्लनेड मैदानाभोवती होता. १८४८ मध्ये पारशी तरुणांनी ओरिएंटल क्रिकेट क्लब स्थापिला, तो याच परिसरात. पुढे तिरंगी, चौरंगी व पंचरंगी सामन्यांच्या काळातही खेळाचे केंद्र दक्षिण टोकालाच राहिले. विसाव्या शतकाच्या मध्यास मराठी मध्यमवर्गाची वस्ती दादर-माटुंग्याकडे स्थिरावली, तसे शिवाजी पार्क हे दुसरे केंद्र झाले. अजित वाडेकरांसारखे खेळाडू तेथे घडले, आणि रमाकांत आचरेकरांच्या शिकवणीमुळे त्या मैदानाचे नाव देशभर झाले. शतकाच्या अखेरीस वस्ती आणखी उत्तरेस सरकली. बोरिवलीच्या स्वामी विवेकानंद शाळेत दिनेश लाड यांच्या हाताखाली रोहित शर्मा तयार झाले.

हे सरकणे लोहमार्गाच्या पावलावर पाऊल टाकून झाले. गुजरातकडून येणारा लोहमार्ग वैतरणा ओलांडून १८६४ मध्ये मुंबईस भिडला. १८६७ मध्ये विरार ते बॅकबे अशी गाडी सुरू झाली. विद्युतीकरण १९२८ मध्ये बोरिवलीपर्यंत आणि १९३६ मध्ये विरारपर्यंत आले, आणि तेथे ते दीर्घकाळ थांबले. चर्चगेटपासून विरार ६० किलोमीटर. त्यापुढे वैतरणा, सफाळे, केळवे रोड आणि मग पालघर. विरारच्या अलीकडे थोड्या-थोड्या वेळाने लोकल. पलीकडे शटल, पॅसेंजर आणि लांब पल्ल्याच्या मोजक्या गाड्या. त्यामुळे वैतरणेची खाडी ही केवळ भौगोलिक रेषा नव्हती. वेळापत्रकातीलही ती एक सीमारेषा होती. डहाणूपर्यंत उपनगरी सेवा सुरू झाली ती १६ एप्रिल २०१३ रोजी. ठाकूर यांचे रणजी पदार्पण नोव्हेंबर २०१२ मधले. म्हणजे ज्या सोयीमुळे पालघरचा मुलगा मुंबईच्या मैदानाशी जोडला जावयाचा, ती सोय येण्यापूर्वीच हा मुलगा आपल्या पायांनी तेथे पोहोचला होता.

याच्या उलट दिशेने वाहणारी एक गोष्ट येथे नमूद करणे योग्य होईल. वैतरणेच्या खोऱ्यातील पाणी मुंबईस नेण्याची व्यवस्था फार पूर्वी झाली. मोडकसागर १९५७ मध्ये पूर्ण झाला, पुढे ऊर्ध्व वैतरणा आणि २०१४ मध्ये मध्य वैतरणा हे जलाशय त्यात जोडले गेले. महानगराने या खोऱ्याकडून पाणी घेतले, भाजीपाला घेतला, दूध घेतले, मनुष्यबळ घेतले. क्रिकेटपटूही त्याच वाटेने गेला. महानगर आणि त्याचा परिसर यांच्या देवघेवीत परिसराकडे काय परत येते, हा प्रश्न त्यामुळे खेळाच्या इतिहासालाही चुकत नाही.

४. शाळेतून संघाकडे

तारापूर येथील अणुविद्युत केंद्र १९६९ मध्ये सुरू झाले, आणि त्यानंतरच्या काळात बोईसर-तारापूर ही मोठी औद्योगिक वसाहत बनली. नोकरदार कुटुंबे आली, त्यांच्यासाठी शाळा निघाल्या, आणि शाळांबरोबर आंतरशालेय खेळही आले. ठाकूर यांचे आरंभीचे शिक्षण पालघरच्या आनंद आश्रम शाळेत झाले. आंतरशालेय क्रिकेट ते बोईसरच्या तारापूर विद्या मंदिराकडून खेळले. या वसाहतीमुळेच ग्रामीण टापूतील एक शाळा मुंबईच्या शालेय स्पर्धेत उतरू शकली, ही गोष्ट दुर्लक्षिण्याजोगी नाही.

मुंबईच्या शालेय क्रिकेटचे दोन आधारस्तंभ म्हणजे हॅरिस शील्ड आणि गाइल्स शील्ड. या स्पर्धांचे मोठे वैशिष्ट्य असे की, त्यांत दूरच्या शाळेचा मुलगा नामांकित शाळेच्या मुलासमोर उभा राहतो आणि त्याला पाहणारे डोळे तेथे हजर असतात. बोईसरच्या संघाकडून खेळणाऱ्या ठाकूर यांना दिनेश लाड यांनी अशाच एका सामन्यात प्रतिपक्षाच्या बाजूने पाहिले, आणि बोरिवलीच्या आपल्या शाळेत येण्याविषयी सुचविले. पालघर ते बोरिवली हे अंतर ५० किलोमीटरांहून अधिक. रोजच्या जाण्या-येण्यात अभ्यास आणि सराव दोन्ही बुडणार, ही कुटुंबाची रास्त चिंता होती. लाड यांनी त्यावर जो मार्ग काढला, तो संस्थेचा नव्हे, गृहस्थाचा होता : त्यांनी मुलाला आपल्या घरी ठेवून घेतले. पुढे हॅरिस शील्डच्या एका सामन्यात ठाकूर यांनी एकाच षटकात सहा षटकार मारले, आणि गोलंदाज म्हणून ओळखल्या जाऊ लागलेल्या मुलाच्या फलंदाजीकडेही लोकांचे लक्ष गेले.

या प्रसंगाचा अर्थ नीट लावला पाहिजे. मुंबई संघाच्या क्षेत्रात असूनही ठाकूर यांना मुंबईचे क्रिकेट मिळाले ते पालघर सोडल्यानंतर. दोहोंमधील अंतर बुजविले ते एका शिक्षकाच्या घराने आणि एका शेतकरी कुटुंबाच्या धाडसाने. ज्या मुलास असे घर लाभले नाही, त्याची नोंद धावफलकात सापडत नाही. आणि इतिहासकाराची अडचण ही की, त्याचे साहित्य बहुधा धावफलकापासूनच सुरू होते.

५. रणजीतील वर्षे

नोव्हेंबर २०१२ मध्ये जयपूर येथे राजस्थानविरुद्ध ठाकूर यांचे प्रथमश्रेणी पदार्पण झाले. आरंभ निराशाजनक होता : पहिल्या चार सामन्यांत ४ बळी, तेही ८२ धावांच्या सरासरीने. मुंबईच्या संघात असा आरंभ अनेकांना महाग पडलेला आहे. कारण तेथे एका जागेसाठी रांगेत उभे असणाऱ्यांची कधी वाण नसते. शरीरभार कमी करण्याचा सल्लाही त्यांस या उमेदवारीच्या काळात मिळाला आणि तो त्यांनी मनावर घेतला. २०१३-१४ मध्ये ६ सामन्यांत २७ बळी आणि २०१४-१५ मध्ये १० सामन्यांत २०.८१ च्या सरासरीने ४८ बळी, अशी पुढील दोन हंगामांची नोंद आहे. या दुसऱ्या हंगामात त्यांनी पाच वेळा डावात पाच बळी घेतले. उंची बेताची, वेग मध्यमाहून थोडा अधिक, चेंडू बाहेर वळविण्याची हातोटी आणि सपाट खेळपट्टीवरही मारा चालू ठेवण्याची तयारी, एवढ्या भांडवलावर हे बळी मिळाले.

फेब्रुवारी २०१६ मध्ये पुण्याजवळील गहुंजे येथे सौराष्ट्राविरुद्ध अंतिम सामना झाला. मुंबईच्या ३७१ धावांना सौराष्ट्राचे दोन्ही डाव पुरे पडले नाहीत. २३५ आणि ११५ या धावसंख्यांवर ते संपले. ठाकूर यांनी दुसऱ्या डावात २६ धावांत ५ आणि सामन्यात एकूण ८ बळी घेतले. मुंबईने १ डाव २१ धावांनी विजय मिळवून ४१ वे अजिंक्यपद जिंकले.

देशाच्या संघाचे दार यानंतर उघडले. ऑगस्ट २०१७ मध्ये कोलंबो येथे त्यांचा पहिला एकदिवसीय सामना झाला. २०१८ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यावरून परतल्यावर ते अंधेरी स्थानकावर लोकल पकडून पालघरला गेले. डब्यातील प्रवाशांना हा खरोखरच तो खेळाडू की काय, याची खात्री करून घ्यावी लागली. त्याच वर्षी ऑक्टोबरात वेस्ट इंडीजविरुद्धच्या मालिकेत राजकोट येथे विरारमध्ये वाढलेल्या पृथ्वी शॉ यांचे आणि आठ दिवसांनी हैदराबाद येथे ठाकूर यांचे कसोटी पदार्पण झाले. वसई खाडीच्या उत्तरेकडील दोन मुले एकाच मालिकेत देशाकडून प्रथम खेळावीत, हे मुंबईच्या क्रिकेटचा गुरुत्वमध्य किती सरकला होता याचे द्योतक होय. ठाकूर यांचा आनंद मात्र क्षणिक ठरला. दहा चेंडू टाकून दुखापतीमुळे ते मैदानाबाहेर गेले.

दुसरी कसोटी त्यांना मिळाली ती जानेवारी २०२१ मध्ये, ब्रिस्बेनच्या गॅबा मैदानावर. ६ बाद १८६ अशा स्थितीत वॉशिंग्टन सुंदर यांच्याबरोबर १२३ धावांची भागीदारी, स्वतःच्या ६७ धावा आणि सामन्यात ७ बळी. ज्या मैदानावर ऑस्ट्रेलिया १९८८ नंतर हरला नव्हता, तेथे भारताने तीन गडी राखून विजय मिळविला. त्याच वर्षी सप्टेंबरात ओव्हल येथे दोन्ही डावांत अर्धशतके आणि जानेवारी २०२२ मध्ये जोहान्सबर्ग येथे ६१ धावांत ७ बळी, ही त्यांच्या कसोटी जीवनातील अन्य ठळक कामगिरी होय.

६. प्रांतिक स्पर्धेचे मोल

येथपर्यंतची मांडणी रूढ चरित्राशी जुळणारी आहे. परंतु या कारकिर्दीचा खरा अभ्यसनीय भाग यानंतरचा आहे. देशाच्या संघातील जागा स्थिर राहिली नाही, तेव्हा ठाकूर कोठे परतले? ते मुंबईच्या संघात परतले. मार्च २०२४ मध्ये वांद्रे-कुर्ला संकुलात तामिळनाडूविरुद्ध उपांत्य सामना चालू होता. प्रतिपक्षाच्या १४६ धावांना उत्तर देताना मुंबईची अवस्था ७ बाद १०६ अशी झाली असता नवव्या क्रमांकावर येऊन त्यांनी १०९ धावा केल्या. प्रथमश्रेणीतील ते त्यांचे पहिले शतक. त्या सामन्यानंतर त्यांनी एक तक्रारही जाहीरपणे मांडली. रणजी सामन्यांत केवळ तीन दिवसांचे अंतर राहिले तर वेगवान गोलंदाजांची शरीरे टिकणार नाहीत, असे त्यांचे म्हणणे होते. प्रांतिक स्पर्धेला दुय्यम मानणारा खेळाडू तिच्या वेळापत्रकासाठी असा भांडत नाही.

वानखेडे मैदानावरील अंतिम सामन्यात विदर्भाविरुद्ध पहिल्या डावात त्यांनी ७५ धावा काढल्या. मुंबईने १६९ धावांनी सामना जिंकून ४२ वे अजिंक्यपद मिळविले. एकाच राज्यातील दोन संघ अंतिम सामन्यात समोरासमोर आले, ही गोष्ट दुसऱ्या प्रकरणात सांगितलेल्या सीमांच्या विसंगतीची आठवण करून देणारी आहे. पुढे ऑक्टोबर २०२४ मध्ये लखनौ येथे इराणी करंडकाच्या सामन्यात अंगात ज्वर असताना ते फलंदाजीस उतरले आणि नंतर त्यांना रुग्णालयात दाखल करावे लागले. तो करंडक मुंबईने २७ वर्षांनंतर जिंकला.

नोव्हेंबर २०२४ च्या आयपीएल लिलावात ठाकूर यांना कोणत्याही संघाने घेतले नाही. त्यानंतर दोन महिन्यांनी जम्मू-काश्मीरविरुद्ध मुंबईचे नामवंत फलंदाज अपयशी ठरले असता त्यांनी ५१ व ११९ धावा केल्या. मुंबईने तो सामना गमावला. पण पुढच्याच सामन्यात मेघालयाविरुद्ध त्यांनी हॅटट्रिक केली. बाजाराने ज्याचे मोल शून्य ठरविले, त्याचे मोल प्रांतिक संघाला ठाऊक होते. २०२५ च्या इंग्लंड दौऱ्यासाठी त्यांची पुन्हा निवड झाली, ती या कामगिरीच्या पार्श्वभूमीवर.

या संदर्भात ऑस्ट्रेलियाचे उदाहरण बोधप्रद आहे. गॅबा मैदानावर हिवाळ्यात ज्या ऑस्ट्रेलियन नियमांच्या फुटबॉलचे सामने होतात, त्या खेळात व्हिक्टोरिया, दक्षिण ऑस्ट्रेलिया, पश्चिम ऑस्ट्रेलिया या राज्यांच्या लीग दीर्घकाळ आपापल्या जागी सर्वोच्च होत्या. व्हिक्टोरियाच्या लीगने इतर राज्यांतील संघ सामावून घेतले आणि १९९० मध्ये ऑस्ट्रेलियन फुटबॉल लीग हे नाव धारण केले. तेव्हापासून राज्य लीगमध्ये खेळणाऱ्याची कारकीर्द ही वरच्या पायरीची वाट पाहणे, अशा अर्थाने वाचली जाऊ लागली. भारतात आयपीएलच्या २००८ मधील आरंभानंतर रणजी स्पर्धेवर अशीच छाया पडली. तथापि दोहोंत एक भेद आहे : कसोटी संघाची वाट रणजीच्या मैदानातून जाणे बंद झाले नाही. ठाकूर यांच्या पुनरागमनाने हा भेद अधोरेखित केला.

७. निष्कर्ष

अजिंक्य रहाणे यांनी नेतृत्व सोडल्यानंतर २०२५-२६ च्या रणजी हंगामासाठी मुंबईचे कर्णधारपद ठाकूर यांच्याकडे आले. एस्प्लनेडवर ज्या परंपरेचा आरंभ झाला, तिचे नेतृत्व वैतरणेपलीकडच्या गावातील शेतकरी कुटुंबातील मुलाकडे जावे, या घटनेचे महत्त्व व्यक्तिगत सन्मानापुरते नाही. जो टापू केवळ नियमाने संघाचा होता, तो आता व्यवहारानेही संघाचा झाला, असा तिचा एक अर्थ लावता येईल.

परंतु एवढ्यावरून सीमेचा प्रश्न सुटला असे मानणे घाईचे होईल. या कारकिर्दीचे पुरावे वेगळेच काही सांगतात. क्षेत्राच्या नियमाने पालघरच्या मुलाला मुंबईकडून खेळण्याचा अधिकार दिला. संधी दिली ती औद्योगिक वसाहतीतील शाळेने, आंतरशालेय स्पर्धेने, एका शिक्षकाच्या घराने आणि विरारपलीकडच्या तुरळक गाड्यांनी. यांपैकी शाळा आणि स्पर्धा या संस्था होत. त्या पुढच्या मुलालाही मिळतील. शिक्षकाचे घर हा योगायोग होता. संघाच्या क्षेत्राचा विस्तार खरा मानावयाचा तर योगायोगाचे काम संस्थांनी करावयास हवे, आणि मुलाला घर सोडावे न लागता सराव मिळावयास हवा. एका खेळाडूच्या यशाने हे काम झाले असे ठरत नाही. ते करावयाचे राहिले आहे, हे मात्र त्या यशामुळेच दिसून येते.